ओगावांच्या पातेल्यातलं मीठ

चारुताताईंबरोबर फिरायला जायचं तर पोट रिकामं ठेवायचं आणि सोबत एक रिकामी पिशवी आणायची, असा त्यांचा निरोप आदल्या दिवशीच येतो. पिशवी कचऱ्यासाठी. तोक्योत रस्त्यावर कचऱ्याचा डबा सहसा सापडत नाही, आणि आपली माणसं चिकट कागद हातात धरून भिरभिर बघत राहिली की ताईंना मेल्याहून मेल्यासारखं होतं. दुसरा नियम, चालता चालता खायचं नाही. जिथे घेतलं तिथेच उभं राहून खायचं, तोंड पुसायचं, मग पुढे. मी बँकेतली बाई, सँडविच तोंडात धरून स्टेशनचा जिना उतरणारी. मला हे वळण लागायला बराच वेळ लागला.

महिन्यातल्या एका शनिवारी त्या तोक्योच्या कोतो विभागातल्या फुकागावात मराठी मंडळींना फिरवतात. खाता खाता शहराचा इतिहास, असा हा उद्योग. अशा फेऱ्यांबद्दल माझं मत फारसं चांगलं नव्हतं. एकदा प्रागला अशीच खाद्यफेरी केली होती. तिथला गाइड राजांची नावं घडाघडा म्हणत होता आणि आमच्या हातातली सॉसेजेस थंड होत होती. शहर काही कळलं नाही, पोटही भरलं नाही. चारुताताईंचं तसं नाही. त्या सुरुवातच एका अरुंद कालव्याच्या पुलावर करतात आणि म्हणतात, "हा कालवा मिठासाठी खणलाय."

चारशे वर्षांपूर्वी हे शहर वसत होतं तेव्हा मीठ यायचं ग्योतोकूहून. निशी-कसाईत राहणारी आपली मंडळी रोज ज्या तोझाई मेट्रो लाइनने जातात, तिच्यावरचंच ते ग्योतोकू. तिथल्या मिठागरांतून होड्या भरून मीठ थेट किल्ल्यापर्यंत यावं, म्हणून हा सरळ पाण्याचा रस्ता. "आधी मीठ आलं, मग शहर आलं," असं ताई म्हणतात, आणि रोज ऑफिसला जाताना ओलांडलेला तो पूल मला पहिल्यांदा दिसला.

पुढे कोळ्यांची वस्ती. समुद्र जवळ, वेळ कमी, म्हणून शिंपल्यांतल्या तिसऱ्या सोलून कांद्याच्या पातीबरोबर शिजवायच्या, भातावर ओतायच्या आणि उभ्या उभ्या गिळायच्या. तोच भात आता दुकानात नीट बसून खायचा. शाकाहारी मंडळींसाठी तांदळाच्या पिठाचे गोळे भाजून देणारं एक दुकान. आणि सगळ्यात शेवटी ओगावांचं दुकान, म्हणजे ताईंचं सासर.

ताई मूळच्या रत्नागिरीच्या. पुण्यात जपानी शिकल्या, दुभाषी म्हणून इकडे आल्या, केन्जी ओगावांशी लग्न केलं आणि इथल्याच झाल्या. दुभाषीपणा मात्र अंगात मुरला. मुलांच्या शाळेत एखादी मराठी आई फणकारून म्हणाली, "हा काय फालतू नियम?" तर ताई बाईंना सांगणार, "यांना या नियमामागचा विचार समजून घ्यायला आवडेल." दोन्हीकडची माणसं खूश. आमच्या निम्म्या संसारांची अब्रू या बाईने अशी वाचवली आहे.

ओगावांच्या दुकानात एकच पदार्थ. तिसऱ्या किंवा समुद्री शेवाळ सोया सॉस, साखर आणि आल्यात मंद आचेवर आटवायचं. त्याला त्सुकुदानी म्हणतात. गरम भाताबरोबर चिमूटभर, आपण लोणचं घेतो तसं. करणाऱ्या ताईंच्या सासूबाई, ऐंशी ओलांडलेल्या. सगळे त्यांना ओकासान म्हणतात, म्हणजे आई. काळं जाड बुडाचं पातेलं, शेजारी ठेवलेली टवका उडालेली पांढरी बशी. त्या बशीत थेंबभर रस घेऊन चव बघायची, आणि ती बशी घरातल्या एकाच बाईच्या हातात असते. ओकासानना ती त्यांच्या सासूने दिली होती.

त्या दारात शिरताना ताई कमरेत वाकून "ओजामाशिमास" म्हणायच्या. परक्या घरात पाऊल टाकताना म्हणतात ते, तुम्हाला त्रास द्यायला आले, अशा अर्थाचं. एकदा मी विचारलं, "ताई, हे तुमचंच घर ना?" तर म्हणाल्या, "दुकान ओकासानचं आहे गं." मला ते कुठेतरी खटकलं.

यंदाच्या वसंतात एका फेरीनंतर ताई माझ्याबरोबर स्टेशनपर्यंत आल्या आणि बाकावर बसल्या त्या उठेचनात. मग सांगितलं. हिवाळ्यात ओकासानना ताप आला होता. बऱ्या झाल्या, पुन्हा पातेल्यापाशी उभ्या राहिल्या, पण तेव्हापासून सगळं खारट होतंय. थोडंथोडकं नाही, घशाशी येईल इतकं. गिऱ्हाइकं चाखतात, वाकतात, "ओइशी, छान आहे" म्हणतात आणि पुन्हा येत नाहीत. डबे भरून देणारं एक दुकान कायमचं गिऱ्हाईक होतं, त्यांनीही फार गोड शब्दांत तूर्तास थांबू या म्हटलं. का, ते कुणीच सांगत नाही.

"केन्जी-सान काय म्हणतात?"

"आई जे वाढेल ते तो लहानपणापासून मुकाट्याने खातो. आणि अनयाला विचारलं तर ती जपानीत म्हणाली, सांगू नकोस, आजीला वाईट वाटेल." अनया त्यांची लेक. ताई रुमालाच्या घड्या घालत होत्या. "असंच चाललं तर पावसाळ्यापर्यंत दुकान बंद होईल. आणि दुकान बंद झालं ना, तर ओकासान संपल्याच. त्या दुसरं काही करतच नाहीत गं."

"मग तुम्ही सांगा."

"मी? सुनेने सांगायचं? तेही बाहेरून आलेल्या सुनेने?" मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तू सांगशील तुझ्या सासूबाईंना?"

मी लगेच ट्रेन आली का ते बघितलं.

माझ्या सासूबाई, म्हणजे शुभा गुप्ते, मे महिन्यात ठाण्याहून आमच्याकडे राहायला आल्या. सीकेपी घराणं, मासळीचा दर्दी हात, आणि तोंडाला कुलूप लावायची सवय नाही. विमानतळावरून येतानाच त्यांनी मला सांगितलं की मी वाळलेय आणि केस कापून चूक केलीय. त्यांना ताईंच्या फेरीला नेणं मी दोनदा टाळलं. तिसऱ्यांदा त्यांनीच परस्पर ताईंना फोन करून नाव नोंदवलं.

त्या दिवशी आई, म्हणजे सासूबाई, अगदी शहाण्यासारख्या वागल्या. मिठाच्या कालव्यावर हात जोडले. तिसऱ्यांचा भात डोळे मिटून खाल्ला. कागदाची घडी करून पिशवीत टाकली. मला जरा धीर आला. आणि आम्ही ओगावांच्या दुकानापाशी पोहोचलो.

ओकासाननी प्रत्येकाच्या हातात भाताची छोटी वाटी आणि त्यावर त्सुकुदानी दिली. बरोबरची मंडळी नवखी होती. एकाने खाऊन हळूच पाण्याची बाटली काढली. एकीने माझ्याकडे बघून डोळे मोठे केले. आणि सगळ्यांनी ताईंनी शिकवल्याप्रमाणे वाकून म्हटलं, "ओइशी!"

आईंनी घास घेतला. थांबल्या. चेहरा असा झाला की भाषेची गरजच उरली नाही.

"अगं, तिसऱ्या काय सुरेख आहेत! पण खारट झालंय. चांगलंच खारट झालंय."

मी त्यांना चिमटा काढला.

"चिमटे काय काढतेस?" त्या आणखी मोठ्याने म्हणाल्या. "या वयात बाई चुलीपाशी उभी राहून करतेय. माल ताजा आहे, हात स्वच्छ आहे. सगळे नुसते छान छान करताय. कुणीतरी सांगायला नको का त्यांना?"

ओकासान आईंकडे बघत होत्या. मग त्यांनी सुनेला विचारलं, "काय म्हणतायत त्या?"

चारुताताईंनी तोंड उघडलं. आता काय येणार ते मला पाठ होतं. चव फार खोल आहे म्हणतायत. आमच्याकडच्या समुद्राची आठवण झाली म्हणतायत. ताईंकडे अशी शंभर वाक्यं तयार असतात आणि त्यातलं एकही पूर्ण खोटं नसतं. पण त्या तशाच उभ्या राहिल्या. मग हातातली वाटी खाली ठेवली.

"खारट आहे म्हणतायत," त्या जपानीत म्हणाल्या.

ओकासाननी पातेल्यावर झाकण ठेवलं. मला वाटलं, झालं, संपलं. आता या बाई आत जातील आणि पुन्हा बाहेर येणार नाहीत. पण त्यांनी झाकण पुन्हा काढलं, टवक्याची बशी घेतली, तिच्यात रसाचा थेंब टाकला आणि ती दोन्ही हातांनी चारुताताईंपुढे धरली.

"तू सांग."

ताई बशीकडे बघत राहिल्या. घेऊ की नको, असं त्यांच्या खांद्यांत दिसत होतं. मग घेतली, चाखली. कान लाल झाले होते.

"ओकासान, खारट आहे." आणि थोड्या वेळाने, "हिवाळ्यापासून आहे."

"माहीत आहे," ओकासान म्हणाल्या. "म्हणजे काहीतरी बिघडलंय एवढं माहीत आहे. तापानंतर मला कसलीच चव लागत नाही. गिऱ्हाइकांना कशी विचारू? ती छानच म्हणणार. म्हणून रोज जेवताना मी तुझं तोंड बघत होते. रोज. तू खायचीस आणि छान म्हणायचीस."

ताईंनी बशी खाली ठेवली, पण ओकासान थांबल्या नाहीत.

"पोटची मुलगी असती तर पहिल्याच दिवशी ओरडली असती. मी वाट बघत होते. इतकी वर्षं झाली, चारुता-सान. तू अजून पाहुणीच आहेस का माझ्याकडे?"

एवढं जपानी मला येतं. येत नसतं तर बरं झालं असतं असं त्या क्षणी वाटलं, कारण माझे डोळे भरून आले आणि रुमाल पिशवीत खाली, कचऱ्याच्या कागदांखाली होता. ताई तर उघड्यावर, सगळ्यांसमोर रडत होत्या. इतकी सांभाळून वागणारी बाई, पण त्या वेळी नाक पुसायचंही भान नव्हतं.

"काय झालं? मी काही चुकीचं बोलले का?" आईंनी मला विचारलं. मी त्यांना सगळं सांगितलं. मग त्या ताईंना म्हणाल्या, "विचार त्यांना, आधी कसं व्हायचं? मीठ एकदम का वाढलं?"

ताईंनी विचारलं, आणि या वेळी शब्दाला शब्द. ओकासान पहिल्यांदा हसल्या. त्या मूळच्या उत्तरेकडच्या, सेंदाईजवळच्या खेड्यातल्या. तिकडे थंडी फार, खाणं खारट. नवी नवरी होऊन आल्या तेव्हा त्यांच्या सासूने, हिचा हात खारट, म्हणून किती वर्षं पातेल्याजवळ फिरकू दिलं नव्हतं. जिभेने हाताला हळूहळू इथली सवय लावली.

"आता जीभ गेली," ओकासान म्हणाल्या, "आणि हात माहेरी गेला."

ताईंनी ते मराठीत सांगितलं तेव्हा आई पुढे झाल्या आणि त्यांनी ओकासानचा तो सुरकुतलेला, सोया सॉसने तपकिरी झालेला हात हातात घेतला. जपानमध्ये असं करत नाहीत. ओकासाननी हात सोडवून घेतला नाही.

परत येताना ट्रेनमध्ये आई म्हणाल्या, "माझ्या हाताला कधी चव राहिली नाही तर तू सांगशील ना?" मी म्हटलं, "परवाच्या कालवणात आंबट जास्त होतं." त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की पुढच्या स्टेशनवर उतरावं असं मला वाटलं. घरी आल्यावर मात्र त्यांनी मला जवळ घेतलं.

पुढच्या महिन्यातल्या शनिवारी आई ठाण्याला परतल्या होत्या. मी एकटीच फेरीला गेले. कालव्यावर चारुताताई उशिरा आल्या, हे आक्रीतच. डोळे सुजलेले आणि चेहरा मात्र लग्नघरातल्यासारखा.

"काय झालं ताई?"

"भांडण झालं."

"कुणाशी?"

"ओकासानशी! सकाळी बशी घेतली, चाखलं, आणि म्हटलं, मीठ बरोबर आहे पण आलं जास्त झालंय. तर केवढ्या ओरडल्या माझ्यावर! आल्यातलं तुला काय कळतं, म्हणाल्या. समोरचा मासळीवाला बाहेर येऊन बघायला लागला. मग मीही बोलले. रत्नागिरीला आलं परसात लावतो आम्ही, म्हटलं. मी निघाले तरी बोलतच होत्या." त्या हसत होत्या आणि डोळे पुसत होत्या. "अगं, त्या कधी माझ्यावर आवाज चढवून बोलल्या नव्हत्या. एकदाही नाही."

त्या दिवशी त्यांनी आम्हाला इतकं भरभर फिरवलं की इतिहासाची दोन शतकं राहूनच गेली. भाताच्या दुकानात बसूही दिलं नाही नीट. शेवटी ओगावांच्या दारापाशी आलो. मी सवयीने मागे थांबले, आता त्या वाकतील म्हणून.

चारुताताईंनी दार सरकवलं आणि आत हाक दिली, "तादाइमा!" आपल्या घरी परत आलेलं माणूस दारातून म्हणतं ते. मी आले.

त्यावर घरचं माणूस देतं ते नेहमीचं उत्तर, 'आलीस, ये', आतून आलं नाही. आला तो ओकासानचा खणखणीत आवाज, "उशीर केलास! पाहुण्यांचं नंतर, आधी हे आलं बघ."