बावीस पावलं

नेड ऑल्सॉपचा पहिला चेंडू मी छातीवर घेतला. ही एकावन्न सालची गोष्ट. कोळशाच्या खाणीतून सरळ मैदानावर आलेला बावीस वर्षांचा गडी, अंगात कुणाची तरी उसनी पांढरी पँट. आणि मी आमच्या काउंटीचा कीपर, दोन मोसम खेळून अतिशहाणा झालेला. मी आपला स्टंपांमागे सतरा पावलांवर उभा. चेंडू दिसेपर्यंत तो बरगडीत बसलाही होता. मी उताणा पडलो, तर हा पठ्ठ्या धावत आला आणि म्हणाला, "माफ कर हं. अजून अंग गरम व्हायचंय."

त्या दिवसापासून नेडसाठी मी बावीस पावलं मागे उभा राहायला लागलो. आमच्या काउंटीत दुसऱ्या कोणासाठीही मी इतका मागे गेलो नाही.

आमच्याकडे तेव्हा वेग मोजायला यंत्र नव्हतं. कीपर किती मागे उभा आहे, तोच वेग. नवा फलंदाज आला की आधी मागे वळून माझ्याकडे बघायचा आणि मगच पवित्रा घ्यायचा. पुष्कळांचा चेहरा तिथेच उतरायचा. प्रेक्षकही माझ्याकडेच बघत. पॅव्हिलियनच्या बाल्कनीत कमिटी बसायची. अध्यक्ष मेजर हॉलरॉइड गळ्यात दुर्बीण अडकवून असत, आणि त्यांची दुर्बीणही आधी माझ्या बुटांवर यायची.

नेड पंधरा मोसम खेळला. उन्हाळ्यात चेंडू टाकायचा, हिवाळ्यात घरोघर कोळशाच्या गोण्या पोचवायचा. उजव्या पायाचा अंगठा प्रत्येक चेंडूला बुटात आपटायचा, म्हणून त्याने बुटालाच भोक पाडलं होतं. मोज्यावर रक्त दिसलं की म्हणायचा, "चला, सुरू झालं." सकाळी चरबी माखलेला पाव आणि काळा चहा, बाकी दिवसभर काही नाही. खाल्लं तर धावता येत नाही आणि नाही खाल्लं तर राग येतो, आणि मला रागच बरा पडतो, असं त्याचं शास्त्र होतं.

आमच्या ड्रेसिंग रूमच्या जिन्यात एक लाकडी फळा आहे. काउंटीसाठी हजार बळी घेणाऱ्यांची नावं त्यावर सोनेरी अक्षरांत. ऐंशी वर्षांत नावं पाच. पासष्ट सालच्या एप्रिलमध्ये नेडला हजाराला अठ्ठावन्न कमी होते. फळ्याखालून जाताना तो कधी वर बघायचा नाही. न बघण्यावरूनच मला कळायचं, त्याला तिथे नाव किती हवंय ते.

करार एकेका वर्षाचे. मोसमाच्या शेवटच्या सामन्यानंतर कमिटी ठरवायची, कोण राहणार आणि कोण जाणार. त्या एप्रिलमध्ये मेजर नेडला सगळ्यांसमोर म्हणाले होते, "वेग आहे तोवर आम्ही आहोत, ऑल्सॉप." वेग गेल्यावर काय, हे त्यांनी सांगितलं नाही आणि कोणी विचारलंही नाही.

मे महिन्यात, एका गारठलेल्या दुपारी, नेडचा चेंडू माझ्या घोट्याशी आला.

कीपरचा नियम सोपा आहे. चेंडू कमरेशी आला पाहिजे. खाली यायला लागला की पुढे सरकायचं. शेंबड्या पोरालाही कळतं. मी पुढे सरकलो नाही. वाकून तो चेंडू उचलला आणि हात असे वर उडवले, जणू छातीवर घेतलाय. पुढच्याही चेंडूला तेच केलं. मला वाटलं, थंडीमुळे असेल. मग जून उजाडला, ऊन पडलं, आणि चेंडू तिथेच. नेड छत्तीस वर्षांचा झाला होता, दुसरं काही नाही.

पहिल्या स्लिपमध्ये बर्नार्ड पिम. कीपर जिथे उभा राहील त्याच्या रेषेत स्लिपला राहावं लागतं. तो एकदा कुरकुरला, "सिरिल, आपण याच गावात उभे आहोत ना?"

"तू तुझं बघ."

"माझंच बघतोय. नेडचा चेंडू माझ्याकडे टपालाने येतो आजकाल."

"तोंड बंद ठेव, बर्नार्ड."

त्याने ठेवलं. नेड त्यालाही हवा होता.

पण कड काही आमचं गुपित राखणारी नव्हती. जूनमध्ये एक चेंडू बॅटची कड घेऊन आला आणि माझ्या ग्लोव्हजच्या वीतभर आधी टप्पा पडला. जुलैत समुद्रकाठच्या मैदानावर तेच. ऑगस्टमध्ये पुन्हा एकदा. तिन्ही फलंदाज पुढे दुसऱ्याच कोणाला तरी बाद झाले. नेडने खेळपट्टीला शिव्या घातल्या. पेपरात आलं की सिरिल प्लॅट्सचे गुडघे म्हातारे झाले. मी म्हटलं, येऊ दे. माझे गुडघे म्हातारे ठरले तरी चालतील.

नेडची बायको डोरीन. एकदा मांस भरलेल्या पोर्क-पायचा तुकडा माझ्या हातात ठेवत म्हणाली, "सिरिल, त्याला एक वर्ष अजून मिळू दे. एवढं नाव लागलं फळ्यावर की मी त्याला काही म्हणणार नाही. खुशाल गोण्या वाहू दे मग."

सप्टेंबरमधला शेवटचा सामना आमच्याच मैदानावर होता. नेडला आठ बळी हवे होते. शेवटच्या दिवशी चहापानानंतर त्याचे चार झाले होते आणि पाहुण्यांची एकच जोडी उरली होती. म्हणजे हजार आता पुढच्या वर्षावर गेले होते, आणि पुढचं वर्ष बाल्कनीत बसलं होतं. पाहुण्यांना पाच धावा हव्या होत्या. हरलो असतो तर आम्ही तक्त्याच्या तळाशी. समोर क्रॅडॉक, ऐंशी धावा करून चिकटून बसलेला. कप्तान लॅशमने चेंडू नेडकडे फेकला.

पहिलाच चेंडू. कड लागली. आवाज पंधराशे लोकांनी ऐकला. मी पुढे झेपावलो, आणि चेंडू बोटांच्या चार इंच आधी गवतावर पडून माझ्या मनगटावर आदळला.

मी गुडघ्यावरून उठलो तर नेड चालत येत होता. क्रॅडॉकला ओलांडून सरळ माझ्याकडे. चौदा वर्षांत तो असा कधी आला नव्हता.

"किती पावलं?" त्याने विचारलं.

"बावीस."

"हवीत किती?"

मी ग्लोव्हचा पट्टा सोडून पुन्हा बांधला.

"सिरिल, हवीत किती?"

"एकोणीस."

"कधीपासून?"

"मेपासून."

त्याचे ओठ हलले. तो काहीतरी मोजत होता. मला वाटलं हा आता मला हाणणार, आणि हाणलं असतं तर बरं वाटलं असतं.

"वर मेजर आहेत," मी हळूच म्हटलं. "दुर्बीण आपल्यावरच आहे. आत्ता पुढे आलो तर तुझं संपलं, नेड. थोडेच चेंडू राहिलेत. दांडी उडव त्याची."

"आणि पुन्हा कड लागली तर? तुझ्या पायांवर वाहू?"

क्रॅडॉक बॅटवर रेलून ओरडला, "अरे, घरचं भांडण उरकलं की सांगा!"

"थांब रे जरा," नेड वळून म्हणाला, "तुझ्याच जाण्याची सोय बघतोय."

मग तो स्टंपांपाशी गेला, पाठ वळवली आणि माझ्या दिशेने चालायला लागला. मोठ्याने मोजत. आवाज पार पॅव्हिलियनपर्यंत जात होता. सतरा. अठरा. एकोणीस. बुटाची टाच गवतात रुतवून त्याने रेघ ओढली.

"इथे उभा राहा."

मी तीन पावलं पुढे आलो. पिमही आला. बाल्कनीत काच चमकली. मी त्या बाजूला बघितलं नाही. मला नेडचा राग आला होता. चार महिने मी जीव तोडून जे झाकलं, ते त्याने टाचेने उघडं केलं होतं.

दुसरा चेंडू क्रॅडॉकला चुकवून आला तो बरोबर कमरेशी. हात आपोआप बसले. तिसऱ्यावर दोन धावा गेल्या. हव्या होत्या तीन. चौथा त्याने कसाबसा पायाशी अडवला. नेडच्या बुटाच्या भोकातून लाल दिसत होतं, आणि तो पुन्हा धाव सुरू करायच्या खुणेकडे चालला होता, एकदाही वर न बघता.

पाचव्याला कड लागली. तसाच आवाज. मला हलावंही लागलं नाही. इतका सोपा झेल मी सबंध वर्षात घेतला नव्हता.

सगळे धावत सुटले. नेडने फक्त पंचांकडून आपली टोपी मागून घेतली.

अर्ध्या तासाने मेजर ड्रेसिंग रूमच्या दारात आले. "ऑल्सॉप, जरा येता?" नेड एका पायात बूट, एका पायात मोजा असा बाहेर गेला. पाच मिनिटांत परत येऊन माझ्या शेजारी बाकावर बसला.

"झालं?" मी विचारलं.

"झालं. फार चांगलं बोलले. हातसुद्धा मिळवला." मग तो जमिनीकडे बघत म्हणाला, "नऊशे सत्त्याण्णव."

"माहीत आहे."

"जून, जुलै, ऑगस्ट. तीन."

मी ते हुकलेले तीन झेल कधी त्या फळ्याशी लावून बघितलेच नव्हते. त्याने मैदानावरच लावून बघितले होते, पाच धावा शिल्लक असताना, आणि तरी रेघ ओढली होती.

"नेड, मी तुझ्यासाठीच..."

"ते कळतं रे मला. म्हणून तर दात पाडले नाहीत तुझे." त्याने मान वर केली. "पण कोणावर माया करायची असेल ना, तर मैदानाबाहेर कर. आत जिथे उभं राहायचं तिथे उभा राहा."

मला रडू फुटलं, पोरासारखं. पिम खिडकीतून बाहेर बघायला लागला. नेडने बुटातला पाय माझ्या मांडीवर ठेवला. "रडून झालं की हा ओढ. रक्ताने चिकटलाय."

त्या जानेवारीत आमच्या दारात कोळशाची लॉरी थांबली. नेड पाठीवर गोणी घेऊन अंगणात आला, चेहरा काळाकुट्ट, नुसते डोळे दिसत होते. "कुठे टाकू?"

"इथेच, भिंतीशी."

"नक्की ना?" तो म्हणाला. "की तीन पावलं मागे?"

मी म्हटलं, "इथेच, नेड." त्याने गोणी टाकली आणि दुसरी आणायला गेला.