अर्ध्या इंचाच्या ताई आणि टाकोचा मसाला

आमच्या वरच्या मजल्यावरच्या ताई शिवणकाम करतात. नवं शिवत नाहीत, असलेलं नीट करून देतात. पँटची उंची, झग्याची कंबर, फाटके खिसे, अडकलेल्या चेनी. कापड कापायच्या आधी प्रत्येकाला एकच वाक्य ऐकवतात, "अर्धा इंच आत ठेवते हं, पुढे लागतो." त्यावरून अख्ख्या इमारतीने त्यांचं नाव अर्धा इंच ठेवलं. दोनदा मोजल्याशिवाय कात्री उचलायची नाही, आणि टेप ताणला गेला असेल या शंकेने तिसऱ्यांदा लाकडी पट्टी लावायची, असा हा स्वभाव. मी बरोबर उलटी. माझ्या हातून रोज काहीतरी सांडतं, नाहीतर मी काहीतरी विसरते. तरी बारा वर्षं आमचं छान जमलंय. एकमेकींच्या घराच्या किल्ल्याही आमच्याकडे असतात.

ताईंची नात आठ वर्षांची आहे. तिला शेंगदाण्याची ॲलर्जी आहे, आणि ती नुसतं अंग खाजवून थांबणारी नाही. एक कण जरी पोटात गेला तरी ओठ सुजतात, घसा आवळतो. कुठेही जाताना तिच्याबरोबर इंजेक्शनचं लाल पाकीट असतं. यामुळे ताईंच्या लेकीने तिला कधी कुणाकडे मुक्कामाला ठेवलं नाही, स्वतःच्या आईकडेसुद्धा. या वेळी ऑफिसच्या कामासाठी दोन दिवस परगावी जाणं भाग होतं, म्हणून काळजावर दगड ठेवून ती तयार झाली. सूचनांची चार पानं पाठवली. ताईंनी ती वाचून पाचवं पान स्वतः लिहिलं आणि फ्रिजवर चिकटवलं.

नातीने फोनवर एकच मागणी केली होती. टाको. शाळेत वर्गाने मिळून मक्याच्या पोळ्यांत मसालेदार सारण भरून टाको केले होते आणि ही आपला डबा घेऊन खिडकीपाशी बसली होती. "सगळ्यांची बोटं लाल झाली होती, आज्जी," ती म्हणाली. "माझीच स्वच्छ." हे मला सांगताना ताईंचा आवाज कापत होता.

टाकोच्या मसाल्याचं तयार पाकीट मिळतं. ताईंनी तीन दुकानं पालथी घातली. प्रत्येक पाकिटामागे मुंगीएवढ्या अक्षरात तेच: शेंगदाणे हाताळणाऱ्या कारखान्यात तयार. मग ठरलं, मसाला घरी करायचा. मला वाटलं, जिरं भाजायचं, मिरची घालायची, फिरवायचं, दहा मिनिटांचं काम. बाईंनी आठवडा लावला. जिरं, धने, मिरे अख्खे आणले, ताटात पसरून एकेक दाणा निवडला आणि ओल्या फडक्याने पुसला. लसणीची पूड बाटलीत मिळते, पण बाटलीवरही तीच ओळ, म्हणून लसूण आणि कांदा कागदासारखे पातळ कापून मंद ओव्हनमध्ये वाळवले. दोन दिवस जिन्यात असा वास होता की तळमजल्यावरचा चावीवाला विचारायला आला, कुणाकडे काय शिजतंय. ओरेगॅनो खिडकीतल्या कुंडीतला. सुक्या लाल मिरच्या मोजून नऊ, त्यातल्या सात बिया काढून. "अहो, मुलीला तिखट सोसेल का?" हे मला चार वेळा विचारून झालं. गुरुवारी सगळं दळलं, मीठ आणि चमचाभर मक्याचं पीठ मिसळलं आणि काचेच्या बरणीत भरलं. मला हुंगायला दिलं. मी म्हटलं, "ताई, बरणीला पण अर्धा इंच सोडलाय!" त्या हसल्या. तो आठवडाभरात त्या हसल्याचा एकमेव प्रसंग.

मी दातांच्या दवाखान्यात काउंटरवर बसते. नवा पेशंट आला की फॉर्म भरून घ्यायचा. नाव, वय, रक्तदाब, साखर, कशाची ॲलर्जी आहे का. हा प्रश्न मी दिवसातून वीसदा विचारते, मान वर न करता. शुक्रवारी संध्याकाळी साडेपाचला एक गृहस्थ गाल धरून उभे होते. मी विचारलं, "कशाची ॲलर्जी?"

"शेंगदाणे," ते म्हणाले.

मी लिहायला घेतलं. 'शें' लिहिला आणि माझा हात थांबला.

आदल्या रविवारी माझ्या मिक्सरचं छोटं भांडं फुटलं होतं. नवऱ्याला टोस्टवर लावायला दाण्याचं लोणी हवं होतं. ताई कपडे पोचवायला बाहेर गेल्या होत्या. मी किल्लीने त्यांचं दार उघडलं, त्यांच्या मिक्सरचं छोटं भांडं उचललं, खाली आणलं आणि माझ्या मिक्सरवर दाणे फिरवले. मग भांडं घासून, पुसून, होतं तिथे, होत्या त्या दिशेला तोंड करून ठेवलं. न विचारता घरात शिरले होते, त्याची लाज वाटली, म्हणून बोलले नाही. आणि गुरुवारी त्याच भांड्यात ताईंनी मसाला दळला. ताईंनी ते वापरण्याआधी पुन्हा धुतलं असणार, यात शंकाच नव्हती. पण पातीखाली एक रबरी रिंग असते. तिच्या खाचेत तेलकट लगदा जाऊन बसतो. मी घासताना ती काढली नव्हती.

मी फोन लावला. वाजत राहिला. मशीन चालू असलं की ताईंना ऐकू येत नाही, आणि स्वयंपाक करताना त्या हात धुतल्याशिवाय फोनला शिवत नाहीत. सहा वेळा लावला. सहाला जेवायचं ठरलं होतं. त्या गृहस्थांना तसंच सोडून मी पळत सुटले. डॉक्टर मागून ओरडत होते. चप्पल तुटली, ती हातात घेतली. सिग्नलवर उभी असताना माझ्या तोंडून आपोआप "खाऊ नकोस, खाऊ नकोस" असं निघत होतं आणि शेजारची बाई हातातला बन खाली करून माझ्याकडे बघत राहिली. हसण्यासारखंच होतं, पण सिग्नल सुटताच मी अनवाणी रस्ता ओलांडला.

दार उघडंच होतं. खिम्याचा वास जिन्यापर्यंत आला होता. नात टेबलाशी बसली होती, समोर दुमडलेली कुरकुरीत मक्याची पोळी, आत खिमा. ती दोन्ही हातांनी उचलत होती.

"ठेव ते!" मी इतक्या जोरात ओरडले की तिने ताटच ढकललं.

मी सगळं सांगितलं. एका दमात, धापा टाकत. ताई माझ्यावर ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी ताट उचलून दूर ठेवलं, नातीसमोर गुडघ्यांवर बसल्या आणि विचारलं, "खाल्लंस का काही? खरं सांग, मी रागावणार नाही."

"बोट चाटलं," ती म्हणाली. "एकदाच." आणि लाल झालेलं बोट दाखवलं.

तिचं तोंड धुतलं, हात धुतले, लाल पाकीट घेतलं आणि टॅक्सीने इस्पितळ गाठलं. तिथल्या डॉक्टरीणबाईंनी तपासलं. अजून काही दिसत नाही, म्हणाल्या, पण दोन तास इथेच बसा, ओठ किंवा श्वास बदलला तर लगेच हाक मारा. आम्ही बाकावर बसलो, मध्ये नात, दोन्ही बाजूंना आम्ही. ताई दर मिनिटाला तिचे ओठ बघत. मी भिंतीवरचं घड्याळ बघत होते. मनात म्हणत होते, हिला काही झालं तर मी या बाईंच्या नजरेला नजर कशी देऊ? नात एकदा खोकली आणि आम्ही दोघी एकदम उभ्या राहिलो. तिला नुसता ठसका लागला होता.

दोन तास सरले. काही झालं नाही. बाहेर आल्यावर मी हळूच म्हटलं, "ताई, झालं नाही काही, तर लेकीला कशाला सांगता? उगाच तिच्या जिवाला घोर. पुन्हा कधी पोरीला ठेवणार नाही ती."

"नाही ठेवली तर नाही ठेवली," ताई म्हणाल्या. "पण सांगणार मी."

"मग मी सांगते," मी म्हटलं. मला स्वतःच्याच आवाजाचं नवल वाटलं.

लेकीने फोनवर सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "सकाळी येते." एवढंच.

सकाळी आठला ती दारात होती, डोळे सुजलेले, रात्रभरचा प्रवास. मी वरच होते. खरं तर पळून जावंसं वाटत होतं. मला वाटलं, आता ही पोरीचं सामान भरणार. तिने वाटेत घरी थांबून घेतलेला स्वतःचा मिक्सर बॅगेतून काढून ओट्यावर ठेवला आणि माझ्याकडे वळली.

"काकू, दोन वर्षांपूर्वी आमच्या एका नातलगांकडे हिला त्रास झाला होता. केकमध्ये दाणे होते, करणाऱ्या बाईला माहीत होतं. हिला श्वास घेता येत नव्हता आणि ती बाई भीतीने मूग गिळून उभी. मी पंधरा मिनिटं शोधत होते, कशाने झालं. तुम्ही धावत येऊन सांगितलंत." तिने डोळे पुसले. माझाही धीर सुटला आणि मी तिथेच रडले.

मग आम्ही तिघी कामाला लागलो. जुना मसाला, ते भांडं, तवा, खिमा ढवळलेला चमचा, सगळं बाहेर गेलं. ओटा तीनदा पुसला. वाळवायला वेळ नव्हता म्हणून लसूण ओलाच घालायचं ठरलं; मला फक्त तो सोलायला दिला, आणि तोही हात धुऊन दाखवल्यावर. दुपारी नव्या मसाल्यातला टाको नातीच्या ताटात आला. तिने उचलला. आम्ही तिघी टेबलाभोवती उभ्या, तिघींची नजर तिच्या तोंडाकडे.

तिने टाको पुन्हा खाली ठेवला.

"तुम्ही सगळ्या असं बघता ना, म्हणून मला घास गिळता येत नाही," ती म्हणाली. "रोजच असं होतं."

तिच्या आईने तोंडावर हात धरला. ताईंनी आम्हा दोघींचे खांदे धरून आम्हाला खिडकीकडे वळवलं आणि स्वतःही वळल्या. आम्ही समोरच्या इमारतीची गच्ची बघत उभ्या राहिलो. मागे कुरकुर असा आवाज आला, मग पुन्हा एकदा. आमच्यापैकी कुणीही मागे वळून पाहिलं नाही.