१४ एप्रिल, साल रिकामं

आमच्या देवणीचा नागसेन मिस्त्री भिंत ओळंब्यात बांधतो, पण वेळ रबरासारखा ताणतो. त्याचे आठ दिवस म्हणजे आपले आठ महिने. धुरपताबाईनं वाचनालयाला जागा दिली, उद्घाटन तिच्याच हातून व्हायचं. तीन वर्षं झाली, स्लॅबचा पत्ता नाही. उद्घाटनाची फरशी मात्र आधीच भिंतीत बसवलेली : '१४ एप्रिल', पुढं साल रिकामं!

मी भडकलो. "मिस्त्री, धुरपताआजी ऐंशीची हाय. ती गेल्यावर स्लॅब टाकतो का?"

आजी कडाडली, "उद्घाटन केल्याबिगर मी मरत न्हाई!"

"ऐकलं?" मिस्त्री हसला. "मी आजीला जगवून राहिलो, अन् तुम्ही घाई करून राहिले."

आजीनं त्याच्या हातातली छन्नी हिसकावली आणि स्वतःच यंदाचं साल कोरायला बसली. मिस्त्रीनं घाबरून स्लॅबच्या सेंट्रिंगवाल्याला फोन लावला.