बंद दुकानातून गेलेलं पत्र

सकाळचे नऊ चाळीस, साल १९९९. सांगलीत, विश्रामबागच्या आपल्या इंटरनेटच्या दुकानात ब्राह्मी मॉडेमची किरकिर ऐकत संगणकावरची धूळ पुसत होती. जोडणी लागली तेव्हा कवठे महांकाळचे बेदाण्याचे व्यापारी नानासो छापील कागद घेऊन दारात उभे होते.

त्यांच्या इंदूरच्या गिऱ्हाइकाला ई-मेल गेलं होतं, की नानासोंच्या मालावर गंधकाचा मारा जास्त असतो. खाली नाव खोटं. गिऱ्हाइकानं माल थांबवला. पत्राच्या माथ्यावर मात्र एक लांबलचक आकडा होता, आणि इंटरनेट कंपनीनं तपासलं, तर त्या वेळी तो आकडा ब्राह्मीच्या खात्याला दिलेला निघाला. आठवड्यात खुलासा आला नाही, तर तिची जोडणी तुटणार होती.

"तुमच्या दुकानातनं गेलंय, ताई. कोण बसलं हुतं सांगा."

ब्राह्मीनं त्यांना खुर्ची दिली आणि समजावलं. हा आकडा कायमचा कुणाचाच नसतो. फोन लागला की कंपनी मोकळा असेल तो देते, फोन ठेवला की काढून दुसऱ्याला देते. बाहेरच्याला त्यावरून माणूस कळत नाही. पण कुठल्या खात्याला कधी कुठला आकडा दिला, याची नोंद कंपनीकडे राहते. बोलता बोलता तिनं कागदावरची तारीख पाहिली. अनंत चतुर्दशी. त्या दिवशी तिचा उपवास होता, दुकान बंद होतं आणि ती दिवसभर बस्तीत, म्हणजे जैन मंदिरात होती.

पण खात्याचा पासवर्ड असला, की कुठल्याही फोनवरून जोडणी लागायची, आणि तो तिच्याशिवाय एकालाच ठाऊक होता. धाकटा भाऊ गोमटेश तासगावात बेदाण्याची दलाली करायचा; इंदूरची गिऱ्हाइकं त्यालाही हवी होती. खात्यातले उरलेले तास वाया जाऊ नयेत म्हणून तिनंच त्याला तो दिला होता.

तिनं नानासोंकडे संध्याकाळपर्यंतचा वेळ मागितला.

"माल गोदामात पडून हाय," ते म्हणाले. "संध्याकाळी काय ते सांगा."

दुपारी तिनं गोमटेशला फोन केला. त्यानं नाकारलं नाही, उलट हसला. "मी कुठं नाव दिलंय, अक्का? कोण वळखतंय?"

"तुझं नाव गेलं नाही," ब्राह्मी म्हणाली. "माझं गेलंय."

येणाऱ्याजाणाऱ्यातलं कुणीतरी बसलं होतं म्हणून सांग, असं त्यानं सुचवलं. दुकान बंद होतं हे अख्ख्या बस्तीला माहीत आहे, ती म्हणाली. सहाच्या आत त्यानं स्वतः नानासोंना फोन करावा, नाहीतर ती करेल.

सहा वाजून गेल्यावर तिनं नानासोंना फोन लावला. त्यांना कुणाचाही फोन आलेला नव्हता. तिनं भावाचं नाव सांगितलं, तेच कंपनीला लिहून कळवलं आणि पासवर्ड बदलला.

उद्या दुकान नेहमीसारखं साडेनऊला उघडेल आणि मॉडेमला नवा आकडा मिळेल. तासगावहून कुणी जुना पासवर्ड टाकला, तर जोडणी लागणार नाही.