मुक्या माराचे नंबर

मी वर्गात फारशी बोलत नाही. पण आत्याच्या दवाखान्यातला एक किस्सा सांगायला घेतला, की मागून दुसरा धक्के देत येतो आणि मग मला थांबताच येत नाही!

तेव्हा मी नववीत होते. शाळा सुटली की डहाणूच्या त्या दवाखान्यात कोपऱ्यातल्या स्टुलावर बसायचे. सुनीता आत्या काउंटरवर असायची. तिचं काम संपलं की आम्ही दोघी रिक्षाने सरावलीला घरी जायचो.

दवाखान्यात नवीन कॉम्प्युटर आला होता. प्रत्येक दुखण्याला एक कोड. कोड भरल्याशिवाय बिलच निघायचं नाही! चेहऱ्यावर मुका मार असेल, म्हणजे कातडी फाटली नाही, नुसतं काळंनिळं झालं, तर एस-झिरो-झिरो. पुढे नाक वेगळं, ओठ वेगळा, पापणी वेगळी. आणि कशाने लागलं, त्याचा आणखी एक कोड.

आत्याला दसऱ्यापर्यंत मुदत होती. जमलं तर नोकरी कायम. नाहीतर पुन्हा चारोटीला, हायवेवरच्या हॉटेलच्या गल्ल्यावर. तिथून परत यायला धड रिक्षाही मिळायची नाही.

*

सुरुवातीलाच घोटाळा! आमच्याकडे तोंड सुजलेल्या कुणालाही विचारा, काय झालं? तो म्हणणार, "पडलो." आत्या बिचारी सगळ्यांना पडल्याचा कोड देत गेली.

डॉक्टरांनी स्क्रीन बघितला. "सुनीता, सगळेच कसे पडले? डहाणूच्या रस्त्यांना कोणी तेल लावलंय का?"

मग त्यांनी नियमच केला. "कुठे, कशाने, काय करताना, आणि शेवटी चुकून की मुद्दाम. चारही प्रश्न विचारायचे. सूट कोणालाच नाही. पुन्हा चुकलीस तर दसऱ्याची वाट बघायला नको!"

*

एक मच्छीमार काका आले. डोळा जांभळा! होडीवरून भावाने सुरमई फेकली, हे खाली मोबाइल बघत होते.

आत्या अडकली. समुद्री प्राण्याचा कोड वेगळा, वरून पडलेल्या वस्तूचा वेगळा.

"काका, मासा जिवंत होता?"

"बर्फातला जिवंत कसा असंल गो?"

"मग वस्तू लिहिते."

काका उठूनच उभे राहिले. "वस्तू? अगो बाय, सुरमय हाय ती! ताजी!"

*

दुसरे एक गृहस्थ एसटीतून उतरून थेट आले. कपाळावर आडवं टेंगूळ. समोरच्या सीटचा दांडा लागला होता. गाडी उभी होती की चालू, यावरही कोड बदलतो.

"गाडी चालू होती का?"

"मला काय माहीत? मी झोपलो होतो."

"मग जाग कधी आली?"

त्यांनी टेंगळाकडे बोट दाखवलं. "हे आलं तेव्हा!"

*

पण तलासरीचे व्याही! दोघे एकाच रिक्षातून आले. दोघांच्याही कपाळाला सारखाच मार. लग्नात भेटीच्या वेळी दोघे एकाच क्षणी नमस्काराला वाकले आणि टाळकी आपटली!

"कोण कोणावर आपटलं?" आत्याने विचारलं.

मुलीचे वडील म्हणाले, "चूक माझीच."

मुलाचे वडील म्हणाले, "छे छे, माझी! आधी तुमचं नाव लिहू दे."

"असं कसं? मान तुमचा."

"नाही, तुमचा!" आणि बोलता बोलता दोघे पुन्हा वाकले!

मी कधी नव्हे ते स्टुलावरून ओरडले, "सांभाळा!"

*

आणि मग दसऱ्याचा आदला दिवस. शाळेला सुट्टी म्हणून मी सकाळीच आत्याबरोबर गेले होते. बाकं पेशंटनी भरलेली. तेवढ्यात गालावर बर्फाची पिशवी धरून खुद्द डॉक्टर आले! डावा गाल टम्म, डोळा अर्धा मिटलेला.

"तपासून झालंय," ते हळूच म्हणाले. "फक्त एंट्री कर. पडलो म्हणून लिही."

आत्याची बोटं कीबोर्डवर थांबली. मी मनात म्हणत होते, लिहून टाक ना, आत्या! उद्या दसरा आहे!

आत्याने स्क्रीनकडे बघत विचारलं, "सर, कुठे?"

डॉक्टरांनी बाकांकडे बघितलं. "गरब्यात."

"कशाने?"

"दांडियाच्या टिपरीने."

"काय करताना?"

"गरब्यात काय करतात, सुनीता?"

सगळी बाकं हसली! डॉक्टरांचा दुसरा गालही लाल झाला. "उद्या काय आहे, लक्षात आहे ना तुझ्या?"

"आहे, सर." आत्या म्हणाली. "पण एक राहिलं. चुकून की मुद्दाम?"

तोवर आतल्या खोलीच्या दारात मॅडम येऊन उभ्या होत्या. मॅडम म्हणजे डॉक्टरांची बायको, त्याही डॉक्टर. दवाखाना दोघांचा.

"सुनीता," मॅडम म्हणाल्या, "तू आजपासून कायम. आणि हे त्यांना काय विचारतेस? मला विचार."

आत्या वळली. "मॅडम, चुकून की मुद्दाम?"

मॅडमनी स्टेथोस्कोप गळ्यात नीट केला.

"पहिली चुकून."