कर कुणाच्या वेशीत?

कोल्हापूरच्या कोर्टाच्या पायरीवर माझा धाकटा दीर हसला होता. ते हसू मी मरेपर्यंत विसरणार नाही. का विसरू?

नवरा गेला आणि त्याच्या वाटणीचं तंबाखूचं रान दिरानं बाराव्याच्या आत नांगरून टाकलं. भावाभावांची वाटणी कधीच झालेली, सगळ्या गावाला ठाऊक. पण मी कोल्हापुरात शुक्रवार पेठेत माहेरी राहून मुलींच्या शाळेत शिकवणारी. बाईमाणूस काय करणार, असं त्याला वाटलं. मी दावा लावला. दिराचं अडतीचं दुकान कोल्हापुरात, म्हणून दावाही कोल्हापुरातच लावला. तिथंच माझं चुकलं. त्याचा वकील उठून म्हणाला, जमिनीचा दावा जमीन असेल तिथल्याच कोर्टात चालतो, माणूस कुठं राहतो ते बघत नाहीत. रान आमच्या सासरच्या गावात, ओढ्यापलीकडं, बेळगाव जिल्ह्यात, चिकोडी तालुक्यात. झालं! दाव्याचे कागद परत माझ्या हातात.

"वैनी, जावा की चिकोडीला," दीर पायरीवर म्हणाला. "एस्टीत वारं चांगलं लागतंय."

गेले. निपाणीला गाडी बदलून, धूळ खात गेले. तिथं ह्यानं नवा वकील उभा केला. तो म्हणतो, ओढ्यानं पूर्वी पात्र बदललंय, रान खरं तर अलीकडच्या गावाचं, कागल तालुक्यातलं. आधीच्या वकिलाची चूक झाली. दावा कोल्हापुरातच चालायला हवा! नकाशेही असले नामी की संस्थानच्या नकाशात रान अलीकडं आणि इंग्रजांच्या नकाशात पलीकडं. म्हणजे मी दोन कोर्टांत हेलपाटे घालायचे आणि ह्यानं माझ्या नवऱ्याची तंबाखू विकायची. "मुडदा बशिवला ह्याचा," मी भर कोर्टात पुटपुटले. वकीलसाहेबांनी ऐकलं न ऐकल्यासारखं केलं.

परतीच्या गाडीत मात्र मला बेंदूर, बैलांचा सण, आठवला. बेंदराला आमच्या सासरच्या गावच्या वेशीत पानांचं तोरण बांधतात, त्याला कर म्हणतात. मानाचा बैल आधी धावत येऊन कर तोडतो, मग बाकीचे बैल वेशीतून जातात. हा मान त्या रानाचा. रान ज्याच्याकडं, त्याचा बैल पहिला. माझा नवरा होता तोवर त्याचा बैल. तो गेल्यावर दिराचा. आणि दिराला त्या मानाची अशी मस्ती होती, की दुकान बंद ठेवून आठवडाभर आधी गावात जाऊन बसायचा.

मी गावात गेले. पहिल्या बैलामागून वेशीत शिरायचा दुसरा मान एका भाऊबंदाचा होता. त्याचं नि दिराचं पिढीजात वाकडं. त्याला सांगितलं, "पुढच्या तारखेला चिकोडीला या. मानाचा निकाल लागणार हाय."

तो एकटा कशाला येतोय? निम्मं गाव घेऊन आला आणि पुढच्याच बाकावर मिशीला पीळ देत बसला. दीर पिंजऱ्यात उभा. माझ्या वकिलांनी रानाचं नावसुद्धा काढलं नाही. "बेंदराला कर कुणाचा बैल तोडतो?" एवढंच विचारलं.

दिराचा वकील हरकत घ्यायला उठला. जज्जसाहेबांनी त्याला खाली बसवलं. दीर आपल्या वकिलाकडं बघायला लागला.

"तुमचा नसेल तर तसं सांगा," माझे वकील म्हणाले. "मान दुसऱ्याचा, असं लिहून घेऊ."

पुढच्या बाकावरचा भाऊबंद खाकरला. तेवढं पुरलं.

"माझाच हाय!" दीर गरजला. "आमच्या पंज्यापास्नं! त्या रानाचाच मान हाय त्यो!"

"आणि कर कुठल्या वेशीत तोडता?"

"आमच्याच गावच्या वेशीत! त्या कागलकडच्यांना कोण इचारतंय? त्यांचं रान न्हवंच ते!"

दिराच्या वकिलानं कपाळाला हात लावला. मी पदर तोंडाला लावून हसले, पोटभर हसले. दावा चिकोडीतच चालणार, असं ठरलं. हद्दीची आडकाठी गेल्यावर ह्याच्याकडं सांगायला काही उरलंच नव्हतं. रान माझं झालं.

बेंदराच्या आदल्या दिवशी दीर माझ्या दारात आला. डोक्याचा पटका काढून हातात धरला होता.

"वैनी, रान घेतलंसा, घ्या. पर मान तेवढा ऱ्हाऊ द्या. गावात तोंड दावायला जागा ठेवा. एवढ्या बारी कर माझ्या बैलाला तोडू द्या."

लोक म्हणतात, अशा वेळी मन विरघळतं. माझं नाही विरघळलं. मला पायरीवरचं ते हसू दिसत होतं.

"भावजी, मान रानाबरुबर जातोय. कोर्टात तुम्हीच सांगितलंसा की."

तो हलेना. मग मीच दार लोटत म्हटलं, "पटत नसंल तर अपील करा. बेळगावला जावं लागंल. एस्टीत वारं चांगलं लागतंय."

दुसऱ्या दिवशी, रान वाट्यानं कसायला घेतलेल्या माझ्या वाटेकऱ्याच्या बैलानं कर तोडली. पुढं त्या वेशीत दीर कुणाला दिसला नाही.