बुट्टीमास्तरांची चाळीस मिनिटं

सरकारी कचेरीत जन्म काढलेल्या माणसाजवळ दोनच गोष्टी साठतात. मूळव्याध आणि किस्से. पहिलीवर औषध आहे. दुसरीला ऐकणारी माणसं लागतात, आणि ती दर वर्षी कमी होत जातात. म्हणून लिहून काढतो.

मी बिदरला शिक्षण खात्यात कारकून होतो. त्या कचेरीतले बहुतेक किस्से एकाच माणसाचे आहेत. कमठाण्याचे सिद्रामप्पा. घरी शेती आणि अडत, पण हे तरुणपणी रंगूनला गेले. तिथे बास्केटबॉल शिकले आणि मग शिकवूही लागले. रंगून, कोलंबो, मनिला. तीन देशांचे संघ या माणसाच्या हाताखालून गेले. बायको तिकडेच वारली, तेव्हा एक ट्रंक आणि एक चेंडू घेऊन ते परत आले. खात्याने त्यांना तात्पुरता व्यायामशिक्षक केलं. गावाने ‘बुट्टीमास्तर’ केलं. आमच्याकडे टोपलीला बुट्टी म्हणतात.

रुजू झाले त्या दिवशी मी विचारलं, “अप्पा, तुम्हाला इथं काय लागेल?” मला टेबल-खुर्ची म्हणायचं होतं.

ते म्हणाले, “एक सामना. पाच पोरं इकडं, पाच पोरं तिकडं. चाळीस मिनिटं, बिदरच्या मातीत. एकडाव बघू दे, बास.”

मी फॉर्मवर लिहिलं: मागणी काही नाही.

*

निजामाचं राज्य गेलं त्या पोलीस ॲक्शनला थोडेच महिने झाले होते. पाच माणसांनी एकत्र जमायला बंदी होती. परवानगीसाठी अप्पा फौजी अंमलदाराकडे गेले. अर्ज धरायला मी सोबत.

अंमलदार लांबचा, पण भला माणूस. त्याने सगळं शांतपणे ऐकलं.

“एका बाजूला किती?”

“पाच.”

“पाचला बंदी आहे. चारांत भागवा.”

“साहेब, समोर आणखी पाच असतात.”

अंमलदाराने पेन खाली ठेवलं. “दहा? किस के खिलाफ?”

अप्पा खरं बोलणारे. “एकमेकांच्या.”

“मास्टरजी, वही तो हम रोकने आए हैं!”

*

पुढे बंदी उठली. शाळेच्या मैदानात दोन खांब उभे राहिले. हैदराबादहून लोखंडी कड्या आणि जाळ्या आल्या. आमचे स्टोअरकीपर गौसमियाँ. त्यांनी जाळी उजेडात धरली आणि तोंड वाकडं केलं.

“नीचे से फटेली है. फटा माल मैं रजिस्टर में कैसा लेऊँ?”

प्रामाणिक माणूस! शिंप्यासमोर स्वतः उभं राहून त्यांनी दोन्ही जाळ्यांचे तळ शिवून घेतले. दुहेरी टाका.

उद्घाटनाला सगळी शाळा जमली. अप्पांनी लांबून चेंडू टाकला. तो अलगद कडीत गेला आणि जाळीत जाऊन बसला. टाळ्यांचा एकच कडकडाट झाला. मग पोरं दप्तरं उचलून घरी निघाली.

त्यांना वाटलं, खेळ संपला.

अप्पांनी संध्याकाळी विळ्याने टाके तोडले. ‘जाळीस भोक ठेवणेबाबत’ ही माझी फाईल पुढे तीन वर्षं चालली.

*

मादन हिप्परग्याच्या पाटलांचा मुलगा बिदरला मामाकडे शिकायला होता. तोही खेळायला येऊ लागला. आमच्या भागात पाटलाच्या पोराच्या हातातली वस्तू कुणी ओढून घेत नाही. मागतात, तीही वाकून. तेव्हा चेंडू एकदा त्याच्याकडे गेला की त्याच्याकडेच.

“घे की रे हिसकून!” अप्पा ओरडले. “कामून थांबलास? तो काय चावायलाय?”

वसतिगृहातला उदगीरचा व्यंकट पुढे झाला. “मालक, चेंडू द्यायलाव का?”

“न्हाई.”

“बरं.” आणि व्यंकट मागे सरकला.

पाटील एकदा मुद्दाम खेळ बघायला आले. बघून फार खूश झाले. “लई चांगला खेळ हाय, मास्तर! आमच्या पोराला कुणी हात लावंना!”

अप्पा पायरीवर येऊन माझ्याशेजारी बसले. “मनिलात म्या पोरांना सहा महिने हेच शिकवायलो होतो. अंगाला हात लावू नका म्हणून.”

*

मनिलाहून एका जुन्या खेळाडूचं पत्र आलं. इंग्रजीत. ‘सर, तिकडचा आपला संघ कसा आहे?’

अप्पा ते घेऊन माझ्या टेबलाशी आले. “बाबूराव, उत्तर तू लिही.”

“अप्पा, माझ्यापेक्षा तुमचं इंग्रजी चांगलं आहे.”

“इंग्रजीचं न्हाई रे. नसलेल्या गोष्टीवर लिहायचं तुमच्या कचेरीला चांगलं जमतंय.”

मी मान खाली घालून लिहिलं: आपल्या पत्राच्या अनुषंगाने कळविण्यात येते की, संघाचा विषय विचाराधीन आहे. अप्पांनी दोनदा वाचलं. “ह्यात खोटं कुठंच न्हाई की!” म्हणाले आणि तसंच्या तसं पाठवलं.

दोन महिन्यांनी मनिलाहून उत्तर आलं. एकच ओळ. ‘सर, आपली तब्येत बरी आहे ना?’

*

एके दिवशी व्यंकटने पाटलाच्या मुलाच्या हातातून चेंडू हिसकावला! सगळे जागच्या जागी थिजले. पाटलाचं पोर एक क्षण स्वतःच्या रिकाम्या हातांकडे बघत राहिलं. मग हसलं, आणि व्यंकटच्या मागे धावलं.

अप्पांनी खेळ थांबवला, मैदानात गेले आणि दोघांशीही हात मिळवले. त्या दिवशी बिदरला संघ झाला.

गुलबर्ग्याच्या शाळेशी पत्रव्यवहार मी केला. सामन्याचा रविवार ठरला. अप्पांनी मैदानावर स्वतः चुन्याच्या रेघा मारल्या. आणि त्याच दिवसांत भाषेवरून हैदराबाद राज्य फुटायचं नक्की झालं. बिदर म्हैसूरकडे, उदगीर मुंबईकडे. आमच्या पाचांतले तिघं उदगीरकडचे.

व्यंकटचे वडील शाळेतून त्याचं नाव काढायला आले. “पोरगं तिकडल्या राज्याचं झालं, मास्तर. इकडं ठिवून काय करू?”

“येवढा रविवार ठिवा.”

“न्हाई जमत, अप्पा. तिकडं नाव घालायची मुदत संपायलीय.”

गुलबर्ग्याला ‘येऊ नये’ अशी तार मीच केली.

*

राज्य फुटलं की सामानही फुटतं. कचेरीचं काय काय तिकडे जाईल, याची यादी माझ्याकडे होती. कपाटं, नकाशे, घंटा. ‘बास्केटबॉलचे खांब: दोन.’ साहेबांनी शेरा मारला: समान वाटप करावे. एक बिदर, एक उदगीर.

या खेळाला किती खांब लागतात, हे त्या कचेरीत मला ठाऊक होतं. मी टाचणी लावली आणि कागद सहीला पाठवला. हे आजवर कुणाला सांगितलेलं नाही. खांब ट्रकमधून गेला. चेंडू अप्पांचा स्वतःचा, म्हणून यादीत आला नाही.

तो रविवार आला. दुपारी चारला मला घरी बसवेना. मैदानावर गेलो, तर अप्पा होते. इस्त्रीची पांढरी पँट, गळ्यात शिट्टी. त्यांनी घड्याळ बघितलं, शिट्टी वाजवली आणि धावायला लागले. पन्नाशी उलटलेला माणूस! चेंडू आपटत जायचे, उरलेल्या एकाच कडीत टाकायचे, उचलून पुन्हा मध्यावर यायचे. एकदा चेंडू माझ्या पायाशी आला. मी तो दोन्ही हातांनी, फाईल द्यावी तसा दिला. त्यांनी मान हलवली, आणि पुन्हा धावले.

बरोब्बर वीस मिनिटांनी शिट्टी झाली. अप्पांनी घाम पुसला, कोट चढवला, चेंडू काखेत घेतला आणि रस्त्याला लागले.

“अप्पा, कुठं निघालात?”

“हाफटाइम झाला, बाबूराव. आता बाजू बदलायची असती.”

आणि ते उदगीरच्या बसमध्ये चढले.